एका हंगामाची बंदी

“पवळाबाय, चोर गावलो काय?”

त्या नोव्हेंबरात रोज सकाळी रुजाय डिसोजा मला हाच प्रश्न विचारायचा. मी जेटीवर पाठीला हवेची टाकी बांधत वाकलेली असायचे आणि हा आपल्या होडीत बसून जाळ्याची भोकं शिवत असायचा. उत्तराची त्याला घाई नसे. सुई न थांबवता विचारायचा.

“गावेल,” मी म्हणायचे. “गावला की पहिल्यांदा तुमच्याच दारात येऊन बोंब मारीन.”

“मार, मार. तुजी बोंब बरी ऐकाक येता. सोलापूरची हवा सुकी, आवाज लांब जाता.”

मी कुमुदिनी बिराजदार. माझा जन्म अक्कलकोट तालुक्यातला. आमच्याकडे नदीला पाणी आलं की लोक बघायला जातात. अशा गावची मुलगी समुद्रातल्या प्रवाळांवर पीएच.डी. करते याचं घरात कौतुक कमी आणि काळजी जास्त होती. आई म्हणायची, “पवळं म्हणजे अंगठीतलं ना? मग त्याला पाण्यात कशाला जायचं? सराफाकडं मिळतंय की.”

एकोणतिसाव्या वर्षी एका संशोधन संस्थेनं मला मालवणच्या दक्षिणेला शेळदांडी या गावी पाठवलं. तिथं किनाऱ्यापासून अर्ध्या तासावर पाण्याखाली एक लांबलचक खडप आहे आणि त्या खडकावर जिवंत प्रवाळ वाढतं. प्रवाळ म्हणजे बारीक जीव, स्वतःभोवती दगडाचं घर बांधून राहणारे. ते घर वर्षाला जेमतेम नखभर वाढतं. खडपाच्या दक्षिण टोकाला एक गोल प्रवाळ होतं, पालथ्या हंड्यासारखं, माझ्या छातीइतकं उंच. वाढीचा वेग धरून पाहिला तर सव्वाशे वर्षांचं तरी नक्की. गावातले लोक त्याला ‘हांडो’च म्हणायचे. पाण्याखाली गेल्यावर पहिल्यांदा त्याच्याजवळ जाऊन थांबायचं, अशी मला सवय लागली होती. इतक्या वर्षांत काय काय बघितलं असेल यानं, असा विचार करत मी हवा फुकट घालवायचे.

दोन वर्षं माझी एकच मागणी होती. पर्यटकांना पोहायला नेणाऱ्या होड्यांनी खडपावर लोखंडी नांगर टाकू नयेत. त्याऐवजी आपण पाण्यात तरते बोये बांधू, होड्यांनी त्यांना दोरी लावावी. आणि खडपाला जो कोणी इजा करील त्याची होडी एक हंगाम बंद. ही मागणी मी तीनदा मांडली आणि होडीवाल्यांनी तीनदा हसून उडवून लावली. रुजाय तेव्हा साठीचा. तरुणपणी खडकावरचे शिंपले काढायला नुसत्या दमावर बुडी मारायचा. तो म्हणाला होता, “समुद्रात नांगर टाकूक तुजी चिठ्ठी व्हयी? उद्या म्हणशात, शिंकूचा नाय, माशांका सर्दी होता.”

सगळी जेटी हसली होती. मीही हसले होते, पण घरी जाऊन.

मग तो नोव्हेंबर आला. पावसाळ्यात समुद्र बंद असतो. ऑक्टोबरात पर्यटकांच्या होड्या सुरू होतात आणि पाणी निवळतं ते नोव्हेंबरच्या मध्याला. मी हंगामातली पहिली बुडी मारली, हंड्याकडे गेले आणि जागच्या जागी थिजले. हंडा अर्धा फुटला होता. एक बाजू ढासळून खाली तुकड्यांचा ढीग पडला होता. उरलेल्या भागावर ओरखडे होते. आणि मे महिन्यात मी शेजारी ठेवलेलं यंत्रही त्याच्या सिमेंटच्या ठोकळ्यासकट नाहीसं झालं होतं. पाण्याचं तापमान दर तासाला नोंदवणारं, विजेरीएवढं यंत्र. सहा महिन्यांच्या नोंदी त्यात होत्या.

पाण्याखाली रडता येतं, पण चष्म्यात पाणी साठतं. मी वर आले, जेटीवर गेले आणि तशीच, ओल्या कपड्यांत, सगळ्या होडीवाल्यांसमोर जे तोंडाला येईल ते बोलले. तुम्ही सव्वाशे वर्षांच्या जिवावर नांगर टाकला. वर माझं यंत्र चोरलं. तुम्हाला समुद्र पोसतो आणि तुम्ही त्याच्याच घरात दरोडा घालता.

सगळे आपापल्या दोऱ्या आवरायला लागले. रुजाय तेवढा माझ्याकडे बघत होता, मान जरा तिरकी करून.

त्याच रात्री मी संस्थेला लिहिलं. आमचे प्रमुख डॉ. सबनीस यांनी ताबडतोब पुढची पावलं उचलली. फुटलेल्या हंड्याची छायाचित्रं जोडून त्यांनी प्रांत कार्यालयाकडे मागणी केली, की हे खडप पर्यटकांच्या होड्यांना पूर्ण बंद करा. सुनावणी तीन डिसेंबरला ठरली. शेळदांडीत तशा होड्या एकतीस होत्या. एकतीस घरं त्यावर चालायची. मी स्वतःला समजावलं, की आपण तीनदा गोडीनं सांगून बघितलं होतं.

मी जेवायला कातरीनमावशीकडे जायचे. ती रुजायची बहीण, विधवा, आणि गावातली एकमेव खानावळ तिची. जेटीवरच्या त्या भाषणानंतरही तिनं माझं ताट बंद केलं नाही. फक्त पहिल्या दिवशी आमटी वाढताना म्हणाली, “काल तू दरोडेखोर म्हणालंस ना? हो घे, दरोडेखोराच्या घरचो बांगडो. काटे बघून खा.”

“मावशी, मी तुम्हाला नव्हते म्हणाले.”

“माज्या भावाक म्हणालंस. माका वेगळा कित्याक म्हणतलंस? आमचो चेहरो एकच.”

मी काटे बघून खाल्ले.

सुनावणीला चार दिवस उरले होते. सकाळी जेटीवर गेले तर रुजायनं नेहमीचा प्रश्न विचारला नाही. जाळं बाजूला ठेवून तो उठला आणि म्हणाला, “आज माज्या होडीतसून चल.”

“का?”

“चोर दाखवतंय.”

मला वाटलं, तो कोणाचं तरी नाव सांगणार. मी टाकी, पट्टे, चष्मा, पायातले पंखे, पाण्याखाली लिहायची पाटी असं सगळं लटांबर घेऊन त्याच्या होडीत बसले. रुजायनं माझ्या सामानाकडे बघितलं. “लग्नाक चललंस की काय?” त्याच्याकडे एक अर्धी चड्डी होती आणि रबर तुटून गाठ मारलेला चष्मा.

हंड्याच्या वर त्यानं होडी आणली. इंजिन बंद केलं. नांगर उचलला, माझ्याकडे बघितलं, तो परत ठेवला आणि सोबत आलेल्या भाच्याला वल्ही धरून होडी जागेवर राखायला सांगितलं. “पवळाबाय रागावता,” तो म्हणाला. मग मला म्हणाला, “खाली गेल्यावर मी दाखवीन थंय बघ. बाकी काय करू नको.”

तळ तिथे जेमतेम पंधरा-सोळा हातांवर. मी बुडबुडे सोडत उतरले. रुजाय माझ्या शेजारून सरळ खाली गेला, बादली विहिरीत सोडावी तसा. दम धरून तो दोन मिनिटं आरामात राहायचा.

पहिल्यांदा त्यानं तुकड्यांच्या ढिगातला एक तुकडा उचलून माझ्या चष्म्यासमोर धरला. फुटलेली बाजू हिरवी-तपकिरी होती. बोटानं त्यानं ती खरवडली. शेवाळ. बारीक नव्हे, चांगलं दाट.

मला कळलं. ताजा तुटलेला प्रवाळ पांढरा असतो. एवढं दाट शेवाळ चढायला महिने लागतात. म्हणजे हंडा जूनजुलैत फुटला होता, समुद्र बंद असताना, जेव्हा एकही होडी इथे आलेली नव्हती. हे मी विद्यार्थ्यांना शिकवते. छायाचित्रांतही ते स्पष्ट दिसत होतं. मी शंभर वेळा ती छायाचित्रं बघितली होती आणि प्रत्येक वेळी मला त्यात फक्त नांगर दिसला होता.

रुजाय वर जाऊन दम घेऊन आला. आता तो हंड्याच्या मागच्या बाजूला गेला. ढासळलेला मोठा भाग तिथे तिरपा पडला होता आणि त्याच्याखाली घळ झाली होती. मी या बाजूला आले होते, पण घळीत डोकावले नव्हते. त्यानं माझी विजेरी माझ्याच हातातून घेतली आणि आत प्रकाश टाकला.

आत सिमेंटचा ठोकळा होता. चाळीस किलोचा. त्यावर लाल रंगात, माझ्या सुवाच्य अक्षरात लिहिलं होतं: ‘संस्थेची मालमत्ता. हात लावू नये.’ वरच्या कडीला माझं यंत्र होतं, जसं बांधलं होतं तसं.

मे महिन्यात तो ठोकळा मी स्वतः हंड्यापासून तीन हातांवर ठेवला होता. जमिनीत खुंटे ठोकून तो पक्का करायचा, असं आमच्या नियमावलीत होतं. त्या दिवशी पाणी गढूळ होतं, हवा संपत आली होती, आणि मला वाटलं, चाळीस किलो कुठे हलतायत! मग चार महिने लाटांनी त्याला पुढेमागे ढकललं आणि त्यानं हंड्याला ठोकलं. सव्वाशे वर्षांत एकाही नांगरानं जे केलं नव्हतं ते त्यानं केलं.

मी रुजायकडे बघितलं. त्याला काहीतरी बोलावं म्हणून तोंड हललं, तर नळी सुटून खारं पाणी आत गेलं. त्यानं नळी परत माझ्या तोंडात कोंबली, दंडाला धरलं आणि मला वर आणलं.

होडीत बराच वेळ मी खोकत राहिले. त्यानं पाणी दिलं.

“तुम्हाला कधीपासून माहीत होतं?”

“तू जेटीवर बोंब मारलंस ना, त्याच्या दुसऱ्याच दिवशी बघून इलंय.”

“दहा दिवस? दहा दिवस तुम्ही रोज मला विचारताय, चोर गावला का?”

“इचारूक नको? माका म्हायत होता, तुका म्हायत नव्हता.”

“मग तेव्हाच का नाही सांगितलंत? सगळ्यांसमोर. मी तुम्हाला दरोडेखोर म्हणाले होते.”

रुजायनं चष्म्यातलं पाणी झटकलं. “जेटीवर सांगितला असता तर तू माज्याशी वाद घातला असतंस. शिकलेला माणूस, दहा कारणा काडतला. पाण्याखाली वाद घालूक येणा नाय. म्हणान वाट बघलंय, तुजो राग जरा उतरांदे. तो काय उतराना. मगे म्हटला, चार दिवस ऱ्हवले, आता दाखवूक व्हया.”

भाचा दुसरीकडे बघून हसत होता. मला त्यात कोणाचा राग आला नाही. खरं तर यावा असं फार वाटत होतं.

“आता काय करायचं?” मी विचारलं.

“ता तू बघ. ठोकळो तुजो, कागद तुजे.” तो इंजिन सुरू करायला वळला. “आमी काय, दरोडेखोर.”

दुपारी चौकातल्या बूथवरून मी डॉ. सबनीसांना फोन केला. सगळं सांगितलं. त्यांनी सगळं ऐकून घेतलं. मग शांतपणे म्हणाले, “बिराजदार, नीट विचार करा. ते प्रवाळ कोणी फोडलं याला फारसं महत्त्व नाही. होड्यांमुळे धोका आहे की नाही?”

“आहे, सर.”

“बंदी आली तर खडप वाचेल की नाही?”

“वाचेल.”

“मग? तो ठोकळा सुनावणीनंतर काढून घ्या. मार्चमध्ये तुमच्या नेमणुकीचं नूतनीकरण आहे, तेही लक्षात असू द्या.”

ते वाईट माणूस नव्हते. तीस वर्षं समुद्रासाठी भांडून भांडून त्यांना भांडण जिंकायची सवय लागली होती, इतकंच. आणि मला सांगायला लाज वाटते, पण पुढचे दोन दिवस मला त्यांचं म्हणणं पटत होतं. खडपाचं भलं होतंय ना? मी कातरीनमावशीकडे जेवायला गेले की भात गिळवत नव्हता. तिनं भावाकडून ऐकलंय की नाही, हे तिच्या चेहऱ्यावरून कळत नव्हतं. तिसऱ्या दिवशी तिनं माझ्यासमोर बसून विचारलं, “बरा नाय?”

“बरी आहे.”

“मगे कोलंबी अशी कित्याक बघतंस? ती काय साक्ष देऊक इली हा?”

मी कोलंबी खाल्ली. आणि त्या रात्री छायाचित्रांच्या मागे पेन्सिलीनं शेवाळाची जाडी लिहून काढली, प्रत्येकावर, जेणेकरून उद्या मलाच मागे फिरता येऊ नये.

सुनावणी शाळेच्या सभागृहात होती. प्रांत अधिकारी तरुण होते, घामेजलेले, गावाचं नाव दोनदा चुकीचं उच्चारलेले. एकतीस होडीवाले भिंतीला टेकून उभे, बायका बाकांवर. डॉ. सबनीस पुढच्या रांगेत. मला बोलायला सांगितलं तेव्हा मी छायाचित्रं अधिकाऱ्यांच्या टेबलावर उलटी मांडली.

“साहेब,” मी म्हणाले, “फोटोतलं प्रवाळ नांगरानं फुटलेलं नाही. ते माझ्या ठोकळ्यानं फुटलंय. ठोकळा मी नीट बांधला नव्हता. यंत्रही चोरीला गेलेलं नाही, तिथंच आहे. या लोकांना मी चोर म्हणाले ते खोटं होतं. संस्थेच्या अर्जातला हा पुरावा मी मागे घेते.”

मला वाटलं, आता हशा पिकेल. दोन वर्षं या लोकांनी माझ्या शिंकेवरसुद्धा विनोद केले होते. पण कोणी हसलं नाही. डॉ. सबनीसांनी चष्मा काढून पुसायला घेतला आणि पुसतच राहिले. रुजाय छताकडे बघत होता.

अधिकाऱ्यांनी कागद उलटसुलट केले. “मग पुरावा काय उरला? पूर्ण बंदीचा अर्ज असा टिकायचा नाही.”

“नाही टिकणार,” मी म्हणाले. “पण नांगरांचा धोका खरा आहे. बोये बांधायची माझी जुनी मागणी आहे, तिचा तरी—”

“साहेबानु,” मागून आवाज आला. कातरीनमावशी उभी होती, पदर खोचून. “त्या मागणीत एक नियम होतो. जो खडपाक इजा करतलो त्याची होडी एक हंगाम बंद. होतो ना गो बाय?”

“होता,” मी म्हणाले.

“मगे हांडो हिनी फोडल्यान. हिची होडी एक हंगाम बंद व्हयी.”

आता मात्र हशा पिकला. भिंतीला टेकलेले एकतीस जण, बाकांवरच्या बायका, दाराशी उभा शाळेचा शिपाई, सगळे. अधिकाऱ्यांनी हसू दाबत विचारलं, “पण तो नियम लागू कुठे आहे? तुम्ही लोकांनी तीनदा फेटाळलाय म्हणे.”

मावशी थबकली. तिनं भावाकडे बघितलं. हसणं हळूहळू थांबलं आणि होडीवाल्यांमध्ये कुजबुज सुरू झाली. मला ते ऐकू येत नव्हतं. पाच मिनिटं गेली असतील. मग रुजाय पुढे आला, टोपी काढून.

“लावा नियम,” तो म्हणाला. “आमका मान्य आसा. सगळ्यांका. बोये बांधा, नांगर आमी टाकूचे नाय. पण पयली बंदी हिच्यावर. ती नसात तर आमी पण नाय.”

अधिकाऱ्यांनी माझ्याकडे बघितलं. “मॅडम?”

“मान्य आहे,” मी म्हणाले.

त्यांनी ते खरोखर लिहून घेतलं, शिक्क्यासकट. तीन डिसेंबरपासून मेअखेरपर्यंत कुमुदिनी बिराजदार यांना खडपावर जाण्यास मनाई. अजून माझ्याकडे तो कागद आहे. माझ्या सगळ्या पदव्यांपेक्षा जास्त वेळा मी तोच लोकांना दाखवला आहे.

मार्चमध्ये संस्थेनं माझी नेमणूक वाढवली नाही. मी शेळदांडीतच राहिले, कातरीनमावशीच्या माळ्यावर. दिवसा तिच्या खानावळीत भाज्या चिरायचे. पण खडपाची मोजणी हंगामातच व्हायला हवी होती आणि मला जाता येत नव्हतं, म्हणून मी होडीवाल्यांना शिकवलं. चौकट कशी ठेवायची, जिवंत किती, मेलेलं किती, पाटीवर कसं लिहायचं. सहा जण तयार झाले. रुजाय सातवा, तो म्हणाला, “ह्यांच्यावर नजर ठेवूक.” मी सगळं मिळून पाच ठिकाणं मोजायचे. त्या सहा महिन्यांत त्यांनी बावीस ठिकाणं मोजली, त्यातली नऊ मला माहीतच नव्हती. मी जेटीवर बसून पाट्या उतरवून घ्यायचे आणि रोज सकाळी रुजाय होडीतून ओरडायचा, “बाय, येतंस काय? अरे हां, तुका बंदी आसा.”

दोन वर्षांनी त्या मोजणीचा शोधनिबंध छापून आला. सगळ्यात जास्त पाट्या रुजायच्या होत्या, म्हणून त्याचं नाव पहिलं घातलं, माझं शेवटचं. आर. डिसोजा आणि इतर. नियम सुरू झाल्यापासून खडपावर एकही नांगर पडला नव्हता, तेही त्यात आकड्यांसह होतं. काही महिन्यांनी फिलिपिन्समधल्या एका बेटावरून पत्र आलं. पाकिटावर ‘डॉ. आर. डिसोजा’ असं छापलेलं. मी ते खानावळीत वाचून दाखवलं. तिथल्या संशोधकांनी विचारलं होतं, आदरणीय डॉक्टर, आमचे मच्छीमार असा कोणताही नियम मानायला तयार नाहीत. आपण आपल्या गावात त्यांना कसं राजी केलंत? कृपया मार्गदर्शन करावं.

रुजाय पापलेट साफ करत होता. हात थांबले.

“डॉक्टर म्हणतत माका?”

“तुम्हालाच.”

“बरा.” तो थोडा वेळ विचार करत राहिला, खवल्यांनी भरलेली सुरी हवेत धरून. “लिही. म्हणावा, सोपा आसा. आदी तुमच्या शास्त्रज्ञाक एक पवळा फोडूक सांगा. मगे त्याका चार माणसांत उभ्यान कबूल करूक सांगा. बाकी आपोआप होता.”

“असं लिहू?”

“अगदी तसाच लिही. आणि खाली माजी सही घेवन जा.”

मी ते इंग्रजीत उतरवलं, एकही शब्द न बदलता. त्यानं हात धुतले, पुसले, आणि मोठ्या गोल अक्षरात सही केली. सहीच्या आधी ‘डॉ.’ लिहायला तो विसरला होता, ते मी घातलं.